बाबांचं मुकं सूत

धुक्याचा महिना, ५ तारीख

प्रिय भोपळ्या,

तुझ्या पत्राला महिनाभर उत्तर दिलं नाही म्हणून तू फुगून बसला असशील. बस. तुला फुगणं शोभतं. पण मी इथे काही हातावर हात ठेवून बसले नव्हते. नव्या दवाखान्याच्या मोठ्या दालनात लावायचा शांततेचा पट विणायचं काम मला मिळालंय. शहरातल्या अकरा विणकरांतून मला. हे वाक्य मी तीनदा लिहून तीनदा खोडलं, शेवटी म्हटलं, सख्ख्या भावापाशी थोडी बढाई मारली तर कुठे बिघडलं.

एकोणीस वर्षं मी काय करते हे तू अजून नीट विचारलं नाहीस, म्हणून आता सगळं सांगते. आणि हे पत्र तुझ्या बायकोला वाचायला दे, कारण खरं काम तिच्याकडे आहे. तळ्यातल्या बेटावर जो मुका कापूस पिकतो, त्याचं सूत ज्या खोलीत काताल त्या खोलीची शांतता धरून ठेवतं. पुढे त्या सुतावर हात ठेवला की कानात तीच शांतता उतरते. साध्या माणसाला नुसतं बरं वाटतं. आम्हा विणकरांच्या तळहाताला मात्र ती कुठली, कुणाची, रागाची की समाधानाची, हेही कळतं. कातताना कुणी एक शब्द जरी बोललं तरी सूत फुगतं आणि तुटतं. एकदा विणलं की ते उसवता येत नाही. आणि ज्या माणसाची शांतता धरायची, त्याला आधी सांगायचं नाही. सांगितलं की माणूस फोटो काढायला बसल्यासारखा अवघडतो आणि सगळं खोटं उतरतं.

पटात नऊ पट्टे आहेत. भट्टी पेटायच्या आधीची बेकरी, परीक्षेला बसलेली शाळा, बर्फ पडत असलेलं अंगण, असे आठ तयार आहेत. मधला पट्टा रिकामा आहे. आमच्या वस्तादबाई म्हणतात की मधला पट्टा विणकराच्या स्वतःच्या घरचा लागतो, नाहीतर सगळा पट पोकळ वाजतो. आणि आपल्या घरची शांतता म्हणजे बाबा. दुसरं कोण आहे. तू तर झोपेतही बोलतोस.

सोबत कापसाचे पेळू पाठवतेय. बाबा दुकानात कुलपं दुरुस्त करत असतील तेव्हा तुझ्या बायकोला मागे टकळी घेऊन बसू दे. तीन लडी पुरतील. बाबांना यातलं काहीही कळू देऊ नकोस.

आता खरं सांगायचं तर मला भीती वाटते. मी दुकान सोडून मागाकडे जाते म्हटलं, त्यानंतर निघेपर्यंत आठ दिवस बाबा माझ्याशी एक अक्षर बोलले नाहीत. त्या सुतात तो राग मला सापडेल. एकोणीस वर्षं मुरलेला. पण आता काम अंगावर घेतलंय, तर बघायलाच हवं.

बाकी ठीक. मागशाळेच्या माझ्या खोलीचं दार उघडताना असं किंचाळतं की ताण्याचे धागे शहारतात. कडीला तेल घातलं, मेण लावलं, काही उपयोग नाही. कुलपं करणाऱ्याची मुलगी, आणि रोज सकाळी दाराला लाथ मारून आत जाते. हे कुणाला सांगू नकोस.

तुझी,
ताई


धुक्याचा महिना, २१ तारीख

प्रिय ताई,

अभिनंदन. अकरांतून एक म्हणजे काही चेष्टा नाही. मी शेजारी, समोरच्या चांभाराला आणि टपालाच्या होडीवाल्याला सांगून आलो. ही म्हणाली, आता पुरे, नाहीतर लोकांना वाटेल पट तूच विणलास.

पण तुझ्या कामाचं विघ्न वेगळंच निघालंय. बाबा बोलायला लागलेत.

तू हसशील, पण मी थट्टा करत नाही. पेळू आले त्याच्या दुसऱ्या दिवसापासून सुरू आहे. सकाळी डोळे उघडल्यापासून तोंडाला खळ नाही. गिऱ्हाइकाशी बोलतात, गिऱ्हाईक नसलं तर कुलपाशी बोलतात. जेवताना बोलतात, त्यामुळे जेवण थंड होतं, मग थंड जेवणाबद्दल बोलतात. हिने दोनदा टकळी घेऊन बसायचा प्रयत्न केला. पहिल्या वेळी दहा हात सूत निघालं तोच यांनी पितळ आणि लोखंड यांतला फरक सांगायला घेतला. सूत फुगून कणकेसारखं झालं. दुसऱ्या वेळी ही दाराआडून कातत होती, तर हे उठून दाराआड आले आणि तिलाच विचारायला लागले की दाराच्या बिजागऱ्या किती प्रकारच्या असतात माहीत आहे का. तिला आता माहीत आहे. सहा.

परवा तर कमाल. जेवता जेवता माझ्याकडे रोखून बघत म्हणाले, दमट हवेत कडी कधी फुगत नाही, चौकट फुगते, लोक उगाच कडीला दोष देतात. मी हो म्हटलं. पुन्हा तेच. चार वेळा. मी चारही वेळा हो म्हटलं तर चिडून ताटावरून उठले. मला काळजी वाटून वैद्यांना बोलावलं. वैद्यांनी नाडी बघितली, जीभ बघितली, म्हणाले ठणठणीत आहेत. तासाभराने वैद्य गेले तेव्हा त्यांचंच डोकं धरलं होतं, आणि हातात एक नवीन कुलूप होतं.

चौऱ्याहत्तराव्या वर्षी माणूस असा बदलतो का, ताई? तुझ्या शहरातल्या कुणा शहाण्या माणसाला विचारून कळव. पेळू अजून बरेच उरलेत. आम्ही प्रयत्न सोडलेला नाही.

भोपळ्या
(आता वजनानेही)


थंडीचा पहिला महिना, ८ तारीख

प्रिय भोपळ्या,

तुझं पत्र वाचून आधी मी खूप हसले. मग मला वाईट वाटलं, आणि ते अजून गेलेलं नाही.

एकोणीस वर्षांत मी तीनदा घरी आले. तुझ्या लग्नाला, आई गेली तेव्हा, आणि तू शिडीवरून पडलास तेव्हा. तिन्ही वेळा बाबा येताना म्हणाले, “आलीस?” आणि जाताना म्हणाले, “निघालीस?” बस. आणि आता वैद्यांना तासभर, गिऱ्हाइकांना सकाळभर, कुलपाला दिवसभर. माझ्या वाट्याचे शब्द कुलपांना वाटून टाकले म्हणायचे. मत्सर वाटतो म्हटलं तर तू हसशील. हस.

पण मी हातपाय गाळणार नाही. एक युक्ती सांगते. बाबा बोलून बोलून किती बोलतील, बिनकिल्लीच्या कुलपाला नवी किल्ली घडवताना त्यांना गप्प बसावंच लागतं. मी सहा वर्षांची असताना त्यांच्या शेजारी स्टुलावर उभी राहायचे. ते कुलपाला कान लावायचे, किल्ली हळूहळू फिरवायचे आणि डाव्या हाताचं एक बोट वर करायचे. ते बोट वर असेपर्यंत मी श्वाससुद्धा जपून घ्यायचे. आत काहीतरी बारीक खट्‌ व्हायचं, मग बोट खाली यायचं आणि ते माझ्याकडे बघून मान हलवायचे, जणू काही ते कुलूप आम्ही दोघांनी मिळून उघडलं. तर गावातून एखादं किल्ली हरवलेलं कुलूप शोधून आण. ते बोट वर गेलं की भावजयीला टकळी फिरवायला सांग.

दालन उघडणार पालवीच्या महिन्याच्या पंधरा तारखेला. थंडीच्या दुसऱ्या महिन्याच्या वीस तारखेला मला मधला पट्टा मागावर घ्यावाच लागेल. वस्तादबाई रोज येऊन त्या रिकाम्या जागेकडे बघतात आणि काही न बोलता जातात. त्यांची ती शांतता मी विणली तर दवाखान्यातली माणसं पळून जातील.

दार तसंच आहे. थंडीत आणखी बिघडलंय.

तुझी,
ताई


थंडीचा पहिला महिना, २६ तारीख

प्रिय ताई,

सोबत तीन लडी आहेत. तू सांगितल्याप्रमाणेच झालं. बाबा किल्ली घडवत होते, बोट वर होतं, डावंच बोट, आणि हिने मागे बसून कातलं. सकाळची वेळ होती. ऊन चांगलं होतं. बाबांनी राखाडी सदरा घातला होता. कुलूप मोठं होतं.

बाकी सगळं ठीक. तुझी तब्येत कशी आहे? मी जरा घाईत आहे, होडी निघायचीय.

भोपळ्या


थंडीचा दुसरा महिना, ९ तारीख

प्रिय भोपळ्या,

लडी मिळाल्या. भावजयीला सांग, सूत सुरेख आहे, एकसारखं, कुठे गाठ नाही. तिच्या हातात कसब आहे.

मी लडी दोन दिवस तशाच ठेवल्या होत्या. काल सकाळी वस्तादबाई यायच्या आधी दार लावून घेतलं आणि हात ठेवला. तुला पहिल्या पत्रात लिहिलं होतं ना, राग सापडेल म्हणून. मी अगदी दात आवळून बसले होते. राग नव्हता. मग मी हात आणखी दाबला. काहीच नव्हतं. गारवा होता, थोडी ओल होती, कोपऱ्यात कुठेतरी एक ऊबदार ठिपका होता, पण तोही माझ्याकडे पाठ करून. माणूस नव्हता त्यात. तिथे कुणीच नव्हतं.

रागाला निदान माणूस लागतो, भोपळ्या. माझ्यावर कुणीतरी रागावलंय हे मी एकोणीस वर्षं धरून होते, आणि आता वाटतं की तो रागही मी लाड म्हणूनच धरून ठेवला होता. बाबांच्या मनात माझ्या नावाची एक रिकामी खोली आहे, एवढंच. त्यात त्यांचा दोष नाही. मी गेले, त्यांनी दार लावून घेतलं, पुढे विसरले. माणसं विसरतात.

तू बोलू नकोस त्यांना काही. मीही रडत बसलेली नाही, उगाच धावपळ करू नकोस. जे आहे ते विणायचं, हाच आमचा धंदा. वीस तारखेला मधला पट्टा चढवते. वस्तादबाईंना सांगेन की हेच आमचं घर.

ताई


थंडीचा दुसरा महिना, १८ तारीख
(बगळ्याच्या टपालाने, तातडीचं)

ताई,

थांब. हातातला धोटा खाली ठेव आणि मग पुढे वाच.

ते सूत बाबांचं नाही. ते आमच्या सरपणाच्या, लाकडाच्या खोलीचं आहे.

मला काय बोलायचं ते बोल, मी ऐकून घेईन. बिनकिल्लीची तीन कुलपं मी आणली. बाबा किल्ली घडवतानाही बोलत राहिले. बोट वर करून बोलत होते, ताई, असं आजवर कधी झालं नव्हतं. दिवस निघून चालले होते. तुझं काम अडलेलं बघवेना, म्हणून मी हिला म्हटलं, अंगणातल्या लाकडाच्या खोलीत बसून कात, शांतता ती शांतता, ताईला काय कळणार. ही म्हणाली, तिला कळेल. मी म्हटलं, नाही कळणार. मागच्या पत्रात ऊन आणि सदरा लिहिला तो सगळा बनाव. तू लिहिलेली ओल म्हणजे ओली लाकडं, आणि तो पाठ केलेला ऊबदार ठिपका म्हणजे आमची मांजर. ती तिथेच झोपते. तू मांजरीवरून बाबांचं मन ओळखलंस, आणि चूक सगळी माझी आहे.

आता दुसरी गोष्ट. ती मी एकोणीस वर्षं लपवलीय.

बाबा तुझी पत्रं वाचतात. सगळी. पहिलं पत्र आलं तेव्हापासून मी वाचून झालं की दुकानातल्या तेलाच्या डब्याखाली ठेवतो आणि बाहेर जातो. परत येतो तोवर बाबांनी वाचून पुन्हा तिथेच, तशाच घडीत ठेवलेलं असतं. आम्ही त्याबद्दल कधी बोललो नाही. त्यांना वाटतं मला कळत नाही, मला वाटायचं त्यांना कळत नाही की मला कळतं. तुला सांगितलं असतं तर तू जपून लिहायला लागली असतीस, आणि त्यांना जपून लिहिलेलं आवडलं नसतं.

तर या वेळी तू लिहिलंस की बाबांना कळू देऊ नकोस, आणि मी बैलासारखा ते पत्र वाचून सवयीने तेलाच्या डब्याखाली ठेवून दिलं. माझ्या डोक्यात प्रकाश पडायला अडीच महिने लागले. ते पत्र वाचलं त्या दिवसापासून बाबा बोलायला लागले होते.

कालची गोष्ट सांगतो. तुझं पत्र आलं. मी वाचलं, आणि काय करावं न सुचून पुन्हा डब्याखालीच ठेवलं. बाबा दुकानात शिरले तेच कसल्याशा खिळ्यांबद्दल बोलत. पत्र घेऊन खिडकीशी बसले, भिंग लावलं. बोलणं मध्येच थांबलं. पत्र संपलं तरी मान वर केली नाही. कागद उलटून मागे काही लिहिलंय का बघितलं. पुन्हा पहिल्यापासून वाचलं. असं किती वेळ चाललं ते मला सांगता येणार नाही, कारण मी दारात चहाची किटली घेऊन उभा होतो. खाली ठेवली तर आवाज होईल म्हणून तशीच धरून ठेवली. हाताला फोड आलाय, पण मी हूं की चूं केलं नाही. कारण ही कधी माझ्या बाजूने आत सरकली, कधी फळीवरची टकळी घेतली आणि बाबांच्या पाठीमागे बसून कातायला लागली, मला कळलंसुद्धा नाही. मी तिला काही सांगितलं नव्हतं. तीन लडी पुऱ्या झाल्या, चौथी अर्धी.

मग बाबांनी मागे वळून बघितलं. टकळी बघितली, हिला बघितलं, मला बघितलं. मी म्हटलं, आता आभाळ कोसळणार. ते म्हणाले,

“ती म्हणते तिथे कुणी नाही. ते माझं नाही. तिला कळव, मी आहे म्हणावं.”

मी विचारलं की मग इतके दिवस बोलत का होतात. भिंगाची काच पुसत राहिले. मग म्हणाले,

“काय निघेल त्यात, मला काय ठाऊक. मी तरी कुठे कधी उघडून बघितलंय.”

आयुष्यभर लोकांची कुलपं उघडलेला माणूस, ताई. चहा ओतला, तो थंड झाला होता, तो तसाच तिघांनी प्यायला. लडी पाठवू का विचारलं तर नुसती मान हलवली.

लडी आजच्या होडीने निघाल्यात. बगळ्याला एवढं ओझं झेपत नाही. बगळा आत्ता लाकडाच्या खोलीच्या छपरावर मासा मिळेपर्यंत अडून बसलाय. देव करो आणि तो वाटेत तळ्यावर रेंगाळू नये.

तुझा,
मूर्ख भोपळ्या


थंडीचा दुसरा महिना, २९ तारीख

प्रिय भोपळ्या,

तुझा बगळा तळ्यावर रेंगाळला. वीस तारखेला दुपारी पोहोचला, आणि मी सकाळीच विणायला बसले होते. दोन बोटं रुंद विणून झालं होतं. उसवता येत नाही हे तुला माहीत आहेच. तेव्हा दवाखान्याच्या पटात आता कायमची दोन बोटं ओली लाकडं आणि एक झोपलेली मांजर आहे. मी भीत भीत वस्तादबाईंना खरं सांगितलं. त्यांनी तिथे हात ठेवला, बराच वेळ ठेवला, आणि म्हणाल्या की दुखणाऱ्या माणसाला कधी कधी अशीच जागा हवी असते, जिथे कुणीच त्याची चौकशी करणार नाही. थोरल्या डॉक्टरीणबाई पट बघायला आल्या तेव्हा त्यांचा हात नेमका तिथेच जाऊन थांबला. मांजरीला माझ्याकडून दूध पाज.

तुला बोलणार होते, पण आता राग राहिला नाही. फोडाला लोणी लाव. भावजयीला सांग की तिला इकडे मागशाळेत कुणीही डोळे झाकून कामाला घेईल. न सांगता नेमक्या वेळी उठली, ते शिकवून येत नाही.

पुढचं तुला नाही. हे पत्र तू डब्याखाली ठेवणारच आहेस, तर निदान या वेळी मला माहीत असू दे.

बाबा,

तुमच्या लडी मिळाल्या. मी दार लावून घेतलं, आणि हात ठेवायच्या आधीच मला रडू आलं, त्यामुळे आधी हात पुसावे लागले.

तुमचं बोट वर होतं, बाबा. मी हात ठेवला आणि सहा वर्षांची होऊन स्टुलावर उभी होते. कुलपाला कान लावल्यावर तुम्ही जसे असायचात, तसे तुम्ही माझ्या पत्राला कान लावून बसला होतात. त्या शांततेत माणूस सगळाच्या सगळा समोरच्या वस्तूकडे असतो. ती मी ओळखायला हवी होती, लहानपणी मी तिच्याच शेजारी वाढले. मी निघाले तेव्हाचे ते आठ दिवसही तसेच होते का, हे मला आता विचारावंसं वाटतं. मी तो रुसवा समजले. मी बावीस वर्षांची होते, मला सगळा रुसवाच वाटायचा.

राग अगदीच नाही, असं नाही. एका कडेला आहे, चिमूटभर. तो मी काढला नाही. त्याच्याशिवाय ते तुमचं वाटलं नसतं.

मधला पट्टा विणून झाला. तीन लडी पटात गेल्या. उरलेली अर्धी मी माझ्याजवळ ठेवलीय, उशाशी. कामाला लागत नाही म्हणून ठेवली असं वस्तादबाईंना सांगितलंय.

पंधरा तारखेला दालन उघडणार. भोपळ्या येतो म्हणाला तर त्याला घेऊन या. नाही आला तर एकटे या. नाही आलात तरी मी रागावणार नाही, पण या.

तुमची,
मुलगी


पालवीचा महिना, ६ तारीख

मुली,

मला पत्र लिहायची सवय नाही. वाचायची आहे. तुझी एकशे बारा पत्रं वाचली, एकेक दोनदा, काही जास्त. माझ्या नावाने आलेलं हे एकशे तेरावं. भोपळ्या समोर बसलाय, पण मी लिहितो ते त्याला बघू देत नाही.

तू विचारलंस त्याचं उत्तर. तू जाते म्हणालीस तेव्हा मला काय बोलावं ते सुचलं नाही. मी शोधत होतो. मला वेळ लागतो. नवव्या दिवशी सुचलं, तोवर तुझी होडी गेली होती. सुचलं ते मोठं काही नव्हतं. नव्या गावी खोली घेशील तिची आतली कडी नीट बघून घे, एवढंच सांगायचं होतं. मग ते इतक्या उशिरा कसं कळवायचं म्हणून राहिलं, आणि राहूनच गेलं. दुकान सोडलंस त्याचा राग आला होता. तो तुझ्या हाताला लागला, ते बरं झालं. आता मला तो सांगावा लागणार नाही.

त्या वेळी कडी बघायचं सांगितलं असतं तर आज दाराला लाथा मारायची पाळी आली नसती. कडीत दोष नाही. तुझी खोली पाण्यावर आहे, चौकट फुगलीय. हे मी भोपळ्याला चार वेळा म्हणालो, म्हटलं लिहील तो तुला. त्याने लिहिलं, पण माझं डोकं फिरलं म्हणून लिहिलं.

रंधा घेऊन येतोय. चौदा तारखेच्या होडीने पोहोचेन. सुनेलाही आणतो, तिला मागशाळा बघायचीय. भोपळ्या दुकान सांभाळेल. तुझा पट बघायच्या आधी मी तुझं दार करणार आहे, तेव्हा खोली मोकळी ठेव. दार झाल्यावर मला बोलायला फार काही असेल असं वाटत नाही. एवढे दिवस बोलून घसा बसलाय. नुसता तुझ्या मागाशेजारी बसेन. तुला कळेल.

एक स्टूल लागेल.

बाबा